अडलेला तपास आणि उडून गेलेला साक्षीदार

रिठदच्या माणसाला पोलिसांच्या तपासाबद्दल उच्च न्यायालयात दाद मागायची झाली तर त्याला नागपूर गाठावं लागतं. रिसोड तालुक्यातल्या या गावापासून नागपूर खंडपीठ अडीचशे किलोमीटरांहून जास्त लांब आहे. समृद्धी महामार्ग झाल्यापासून प्रवास सोपा झाला, पण सकाळी साडेदहाला कोर्टात उभं राहायचं तर रात्री निघणंच बरं. आता दुसरं टोक पाहा. गोव्यात हणजूणच्या किनाऱ्यावर मुलगी गमावलेल्या एका ब्रिटिश आईचं प्रकरण उच्च न्यायालयात पोचलं ते पणजीला. पाट्या दोन असल्या तरी न्यायालय एकच, मुंबई उच्च न्यायालय. नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि गोवा ही त्याची खंडपीठं, आणि ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरचं फिरतं खंडपीठ. त्यामुळे पणजीत झालेला निकाल नागपूरच्या वकिलाला आपल्या याचिकेत हक्कानं मांडता येतो. परदेशी नागरिकांच्या रखडलेल्या तपासांबद्दल वाशिम जिल्ह्यात बसून वाचायचं कशाला, याचं निम्मं उत्तर इथेच मिळतं. उरलेलं निम्मं पुढे येईल.

हणजूणच्या प्रकरणातलं नाव जगभरच्या वर्तमानपत्रांनी छापलं. मी ते लिहीत नाही, कारण लैंगिक अत्याचाराच्या पीडितेची ओळख उघड करण्यास आपल्या कायद्यानं मनाई केली आहे आणि मुलगी पंधरा वर्षांची होती. 18 फेब्रुवारी 2008 च्या सकाळी तिचा मृतदेह समुद्राच्या उथळ पाण्यात सापडला. आई आणि भावंडं त्या वेळी कर्नाटकात गोकर्णला होती. पोलिसांनी सुरुवातीला हा बुडून झालेला अपघाती मृत्यू मानला. आईला ते पटलं नाही. ती तिथेच ठाण मांडून बसली, पत्रकारांशी बोलली, वकील केला आणि दुसऱ्या शवविच्छेदनाची मागणी लावून धरली. मार्चमध्ये ते झालं, अंगावरच्या पन्नासच्या आसपास जखमा कागदावर आल्या, आणि मग कुठे गुन्हा दाखल झाला. दोघांना अटक झाली. सुरुवातीचा तपास करणारा पोलीस उपनिरीक्षक निलंबित झाला आणि त्याच वर्षी तपास सीबीआयकडे गेला.

पुढच्या तारखा तशाच वाचा. सीबीआयचं आरोपपत्र ऑक्टोबर 2009 मध्ये दाखल झालं. गोव्याच्या बाल न्यायालयात खटला 2010 मध्ये सुरू झाला आणि 23 सप्टेंबर 2016 रोजी दोघेही निर्दोष सुटले. सीबीआयनं अपील केलं. 17 जुलै 2019 रोजी न्यायमूर्ती आर. डी. धानुका आणि न्यायमूर्ती पृथ्वीराज चव्हाण यांच्या खंडपीठानं दोघांपैकी एकाला दोषी ठरवलं, दुसऱ्याची सुटका कायम ठेवली, आणि दोन दिवसांनी दहा वर्षांची सक्तमजुरी सुनावली. मृत्यूपासून निकालापर्यंत अकरा वर्षं पाच महिने गेले.

या अकरा वर्षांतला मला सर्वांत महाग पडलेला भाग वाटतो तो पहिल्या तीन आठवड्यांचा. बाकीचा उशीर न्यायालयाला मोजता येतो आणि त्यावर आदेशही काढता येतो. पहिल्या तीन आठवड्यांत जे हातून निसटलं ते कोणत्याही खंडपीठाला परत आणता आलं नाही.

का, ते समजायला पोलीस ठाण्यातलं एक रजिस्टर उघडावं लागतं. विदर्भात त्याला आपण मर्ग म्हणतो. विहिरीत पडलेला, विष घेतलेला, वीज कोसळून गेलेला, रस्त्याच्या कडेला मरून पडलेला, असा कोणताही माणूस असो, खबर आली की ठाणेदार आधी मर्ग दाखल करतो. उर्वरित महाराष्ट्रात त्यालाच अकस्मात मृत्यूची नोंद म्हणतात. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हे कलम 174 होतं, 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ते 194 आहे. मर्गात खबर देणाऱ्याचं नाव, मृताचं नाव, जागा, वेळ आणि मृत्यूचं प्रथमदर्शनी कारण लिहितात. आरोपीचा रकाना त्यात नसतो, कारण कायद्याच्या नजरेत अजून गुन्हाच घडलेला नसतो. मर्गाच्या चौकशीचा हेतूही तेवढाच आहे: माणूस कशानं मेला, आपोआप की कुणाच्या हातून.

आता गुन्हाच नाही म्हटल्यावर काय होतं? जागा दोरी लावून बंद होत नाही. किनाऱ्यावर तर भरतीच दिवसातून दोनदा पंचनामा पुसून जाते. आदल्या रात्री मृतासोबत कोण होतं याची यादी होत नाही. शॅकमधला नोकर हंगाम संपला की आपल्या गावी निघून जातो. कपडे मोहोरबंद पाकिटात जात नाहीत. व्हिसेरा ठेवला तर ठेवला. मर्गाचं गुन्ह्यात रूपांतर होईपर्यंत, किंवा पोलिसांच्या भाषेत मर्ग वर्ग होईपर्यंत, पुराव्याला धनी नसतो.

हे रिठदच्या शिवारातल्या मृत्यूलाही तसंच लागू आहे. फरक पडतो तो पुढे. शिवारातल्या मृत्यूचा साक्षीदार वर्षभरानंतरही पारावर भेटतो. फार तर पुण्याला कंपनीत लागलेला असतो, दिवाळीला येतो. व्हिसेरा अमरावतीच्या प्रयोगशाळेत रखडला तरी नमुना तिथेच असतो. परदेशी माणसाच्या प्रकरणात मात्र प्रत्येक गोष्टीला परतीचं तिकीट काढलेलं असतं. साक्षीदाराचा व्हिसा संपतो. मृतदेह विमानानं जातो, आणि विमानानं न्यायचा तर आधी रसायनं भरून टिकवावा लागतो. त्यासाठी पोलिसांचा ना हरकत दाखला, मृत्यूचा दाखला, दूतावासानं रद्द केलेला पासपोर्ट आणि मृतदेह टिकवल्याचं प्रमाणपत्र लागतं. टिकवण्याच्या त्या रसायनांमुळे शरीरातल्या दारूचा किंवा काही विषांचा नंतर लागणारा माग बिघडतो. म्हणजे ज्या कागदानं मृतदेह घरी जातो त्याच कागदानं पुराव्याचा एक दरवाजा लागतो. रक्त आणि व्हिसेरा त्याआधीच नीट काढून ठेवला नसेल, तर नंतर मँचेस्टरला दुसरं शवविच्छेदन करून हाती येईल ते अर्धवटच.

हणजूणच्या खटल्यात एक ब्रिटिश पर्यटक महत्त्वाचा साक्षीदार होता. तो भारत सोडून गेला आणि साक्षीला आलाच नाही. पोलिसांपुढे दिलेला जबाब हा न्यायालयात पुरावा होत नाही. दंडाधिकाऱ्यांपुढे शपथेवर नोंदवलेला जबाबही (पूर्वीचं कलम 164, आताचं 183) एकटा उभा राहत नाही. साक्षीदारानं खटल्यात येऊन बोलावं लागतं आणि आरोपीच्या वकिलाला त्याची उलटतपासणी घेता यावी लागते. परदेशात बसलेल्या, ज्याला यायचंच नाही अशा माणसावर आपल्या न्यायालयाचं समन्स चालत नाही. मग विनंतीपत्राचा रस्ता उरतो. तपास अधिकारी न्यायालयाकडे अर्ज करतो, न्यायालय परदेशी न्यायालयाच्या नावानं पत्र काढतं, ते केंद्रीय गृह मंत्रालयातून जातं, तिकडच्या मंत्रालयात पोचतं, तिथून स्थानिक न्यायालयात, आणि उत्तर त्याच वाटेनं उलटं येतं. ब्रिटनशी आपला परस्पर कायदेशीर साहाय्याचा करार 1992 मध्ये झालेला आहे, तरी पत्राला महिने लागतात. करार नसेल तर सगळं सद्भावनेवर.

दुसरा रस्ता महाराष्ट्रानंच उघडला, ही गोष्ट कमी लोकांना ठाऊक आहे. मुंबईतले कर्करोग शल्यविशारद डॉ. प्रफुल्ल देसाई यांच्यावर 1987 मधल्या एका शस्त्रक्रियेवरून वैद्यकीय निष्काळजीचा खटला चालला होता. न्यूयॉर्कच्या स्लोन केटरिंग रुग्णालयातल्या डॉक्टरची साक्ष हवी होती, पण तो भारतात यायला तयार नव्हता. मुंबई उच्च न्यायालयानं व्हिडिओवरची साक्ष नाकारली. राज्य सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं, आणि 1 एप्रिल 2003 रोजी निकाल लागला: पडद्यावर दिसणारा आणि बोलणारा साक्षीदार हा कायद्यानं न्यायालयात हजरच असतो. आज तुरुंगातला आरोपी पडद्यावरून तारखेला हजर होतो त्याची मुळं या निकालात आहेत. डॉ. देसाईंना पुढे 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं निर्दोष ठरवलं, तेव्हा शस्त्रक्रियेला पंचवीस वर्षं उलटून गेली होती. सोय अशी झाली खरी, पण पडद्यासमोर बसायची इच्छा साक्षीदाराचीच असावी लागते. हणजूणमध्ये तीच नव्हती.

आता याचिकेकडे येऊ. तपास पुढे सरकत नाही म्हणून माणूस चिडला की पहिला सल्ला मिळतो, ‘हायकोर्टात रिट टाक.’ सल्ला देणाऱ्यांपैकी फार थोड्यांनी सकीरी वासू हे नाव ऐकलेलं असतं. त्यांचा मुलगा सैन्यात मेजर होता. ऑगस्ट 2003 मध्ये मथुरा रेल्वे स्थानकावर त्याचा मृतदेह मिळाला. रेल्वे पोलिसांनी अपघात किंवा आत्महत्या म्हटलं, वडिलांना खून वाटत होता. त्यांनी सीबीआय तपासासाठी उच्च न्यायालय गाठलं, तिथे नकार मिळाल्यावर सर्वोच्च न्यायालय गाठलं. डिसेंबर 2007 मध्ये न्यायालयानं त्यांची मागणी फेटाळली, पण निकालात जे लिहिलं ते आज प्रत्येक सरकारी वकील पाठ म्हणतो: गुन्हा नोंदवत नाहीत किंवा तपास नीट करत नाहीत म्हणून थेट उच्च न्यायालयात येऊ नका. आधी पोलीस अधीक्षकांकडे लेखी जा, मग दंडाधिकाऱ्यांकडे. गुन्हा नोंदवायला लावण्याचाच नव्हे, तपासावर देखरेख ठेवण्याचा अधिकारही दंडाधिकाऱ्यांना आहे. म्हणजे रिठदच्या माणसाचा रस्ता आधी वाशिमच्या अधीक्षक कार्यालयातून आणि रिसोडच्या न्यायालयातून जातो. नव्या संहितेनं तर हा क्रम कलमातच घातला आहे. अधीक्षकांकडे केलेल्या अर्जाची प्रत आणि शपथपत्र जोडल्याशिवाय दंडाधिकारी कलम 175 खाली अर्ज ऐकत नाहीत.

मग उच्च न्यायालय कधी? जेव्हा दंडाधिकाऱ्यांच्या हाताबाहेरचं काही हवं असतं. तपास दुसऱ्या यंत्रणेकडे द्यायचा असतो, विशेष पथक हवं असतं, किंवा स्थानिक पोलिसांवरच संशय असतो. राज्य सरकारची संमती नसतानाही उच्च न्यायालय सीबीआयला तपास देऊ शकतं, हे 2010 मध्ये पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठानं पश्चिम बंगालच्या प्रकरणात पक्कं केलं. त्याच निकालात बजावलं आहे की हे हत्यार क्वचित काढायचं.

परदेशी माणसानं घटनेतला हा दरवाजा ठोठावावा का, असा प्रश्न काहींना पडतो. उत्तर अनुच्छेद 21 मध्येच आहे. तिथे नागरिक असं न म्हणता व्यक्ती म्हटलं आहे. या फरकाची किंमत एका बांगलादेशी महिलेच्या प्रकरणात कळली. 1998 मध्ये हावडा स्थानकावर तिच्यावर रेल्वेच्या यात्री निवासात सामूहिक अत्याचार झाला. कलकत्ता उच्च न्यायालयातल्या वकील चंद्रिमा दास यांनी याचिका केली. ही परदेशी आहे, हिला घटनेचं संरक्षण कसलं, असा युक्तिवाद झाला. जानेवारी 2000 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो मोडीत काढला आणि दहा लाख रुपयांची भरपाई कायम केली. गोऱ्या पर्यटकाच्या मृत्यूवर कॅमेरे जमतात, म्हणून आपण परदेशी म्हटलं की हणजूणच आठवतं. कायद्याचा पाया मात्र एका बांगलादेशी बाईच्या प्रकरणावर उभा आहे, आणि तीही याचिका तिनं केलेली नव्हती.

परदेशातून याचिका करायची तर कागद कसे येतात, हेही पाहण्यासारखं आहे. आई इंग्लंडमध्ये किंवा फिनलंडमध्ये असेल तर ती इथल्या माणसाच्या नावानं मुखत्यारपत्र करते. त्यावर तिथल्या सरकारचा अपोस्टील शिक्का बसतो. भारत या शिक्क्याच्या करारात 2005 मध्ये आला, तोवर असा प्रत्येक कागद दूतावासाच्या रांगेतून फिरायचा. शपथपत्र भारतीय वकिलातीतल्या अधिकाऱ्यासमोरही करता येतं. इतकं झालं की याचिका नोंदवली जाते, आणि पहिल्या तारखेला बहुधा एवढंच घडतं: सरकारी वकील सूचना घेण्यासाठी वेळ मागतात, न्यायालय दोन-तीन आठवडे देतं. दुसऱ्या तारखेला तपास अधिकारी केस डायरी घेऊन मागच्या बाकावर बसलेला दिसतो. प्रगती अहवाल बंद लिफाफ्यात दिला जातो. न्यायमूर्ती तो वाचतात, वकील त्यांच्या चेहऱ्याकडे पाहतात. खरं काम बरेचदा पहिल्या आणि दुसऱ्या तारखेच्या मधल्या दिवसांत होतं. दोन वर्षं न झालेले जबाब त्या तीन आठवड्यांत नोंदवले जातात. वकील मंडळी याला फाइल हलली म्हणतात, आणि पुष्कळ याचिकांचं एवढंच फलित असतं. मला ते कमी वाटत नाही.

पण फाइल हलणं म्हणजे सत्य सापडणं नव्हे. 2015 च्या जानेवारीत गोव्यातल्या काणकोण तालुक्यात पाटणे इथे बावीस वर्षांचा फिनिश तरुण मृत सापडला. नोंद अनैसर्गिक मृत्यूची झाली. आई वर्षानुवर्षं झगडली, प्रकरण उच्च न्यायालयात गेलं, तपास सीबीआयकडे आला. त्याच तालुक्यात मार्च 2017 मध्ये एका आयरिश तरुणीचा खून झाला. तिथे पोलिसांनी दिवसभरातच आरोपीला पकडलं, तरी मडगावच्या सत्र न्यायालयानं त्याला जन्मठेप दिली ती फेब्रुवारी 2025 मध्ये. एकात तपासच अडला, दुसऱ्यात तपास झाला पण खटल्याला आठ वर्षं लागली. दुसऱ्या प्रकारच्या उशिराला तपासाबद्दलची याचिका लागू पडत नाही, तिथे खटला ठरावीक मुदतीत संपवण्याचा आदेश मागावा लागतो. लोक दोन्हींची गल्लत करतात आणि चुकीच्या दारात वर्ष घालवतात. तारखांचा अनुभव वाशिम जिल्ह्याला नवा नाही म्हणा. शिरपूर जैनच्या अंतरिक्ष पार्श्वनाथाचा वाद इंग्रजांच्या काळात लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत जाऊन आला, आणि मूर्तीचं दर्शन चार दशकं बंद राहून 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशानं खुलं झालं.

उशिराची तक्रार आरोपीही करतो, आणि तो परदेशी असेल तर ती तक्रार दोन देशांचं भांडण होते. 15 फेब्रुवारी 2012 रोजी केरळच्या किनाऱ्याजवळ एन्रिका लेक्सी या इटालियन जहाजावरच्या दोन नौसैनिकांच्या गोळीबारात दोन मच्छीमार मेले. केरळ पोलिसांचा अधिकार की केंद्राचा, यावर जवळजवळ वर्ष गेलं. जानेवारी 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं केंद्रानं विशेष न्यायालय नेमावं असं सांगितलं, तपास एनआयएकडे आला. मग कोणता कायदा लावायचा यावर वाद सुरू झाला. 2014 च्या सुरुवातीला इटली सर्वोच्च न्यायालयात पोचली: आमची माणसं दोन वर्षं अडकली आहेत आणि आरोपपत्र कुठे आहे? या घोळात प्रकरण आंतरराष्ट्रीय लवादाकडे गेलं. जुलै 2020 मध्ये जाहीर झालेल्या निकालात लवादानं ठरवलं की नौसैनिकांवर भारताला खटला चालवता येणार नाही, भरपाई मात्र मिळेल. इटलीनं दहा कोटी रुपये भरले आणि 15 जून 2021 रोजी सर्वोच्च न्यायालयानं इथला गुन्हा रद्द केला. मच्छीमारांच्या घरच्यांना पैसे मिळाले. त्यांनी साक्ष दिलेला खटला असा कधी झालाच नाही. तपासाच्या पहिल्या वर्षात अधिकाराचा प्रश्न सुटला असता तर निकाल वेगळा लागला असता की नाही हे सांगणं कठीण, पण इटलीच्या हातात उशिराचं आयतं कोलीत आपणच दिलं.

साध्या परदेशी आरोपीचं दुखणं वेगळं असतं. त्याला जामीन मिळाला तरी पासपोर्ट न्यायालयात जमा, व्हिसा संपलेला, काम करायची परवानगी नाही आणि खटला केव्हा संपेल माहीत नाही. अमली पदार्थांच्या प्रकरणांत जामिनासाठी दूतावासाचं हमीपत्र मागण्याची प्रथा 1994 च्या एका निकालापासून होती. फ्रँक व्हायटस या नायजेरियन आरोपीला तर मोबाइलवरून आपलं ठिकाण तपास अधिकाऱ्याला सतत दिसत राहील अशी अट घातली होती. जुलै 2024 मध्ये मूळच्या ठाण्याच्या न्यायमूर्ती अभय ओक यांच्या पीठानं ती अट काढून टाकली आणि दूतावासानं हमीपत्र दिलंच नाही तर त्यापायी आरोपीला तुरुंगात ठेवता येणार नाही असं सांगितलं. पुढे जानेवारी 2025 मध्ये त्याच प्रकरणात आदेश झाला की परदेशी आरोपीला जामीन दिला की नोंदणी अधिकाऱ्याला लगेच कळवायचं. वाशिमसारख्या जिल्ह्यात हा नोंदणी अधिकारी म्हणजे पोलीस अधीक्षकच. लोणारचं विवर पाहायला आलेला परदेशी पाहुणा तुमच्या लॉजवर उतरला तर चोवीस तासांत फॉर्म भरून त्याची माहिती जाते तीही अधिकाऱ्यांच्या याच यंत्रणेकडे. पुढे काही विपरीत घडलंच तर त्या माणसाचा इथला पहिला सरकारी माग तो फॉर्म असतो, म्हणून लॉजवाल्यानं तो कंटाळा न करता भरलेला बरा.

आता ते उरलेलं निम्मं उत्तर. आपली मुलंही कुणाच्या तरी देशात परदेशीच असतात. वाशिम, अकोला, बुलढाण्याची पोरं आखातात कामाला आहेत, रशिया आणि किर्गिझस्तानात डॉक्टरकी शिकत आहेत. पुण्याचा अनुज बिडवे लँकेस्टरला शिकायला गेला होता. 26 डिसेंबर 2011 च्या पहाटे मँचेस्टरजवळ सॅलफर्डमध्ये एका अनोळखी माणसानं वेळ विचारून त्याला गोळी घातली. घरच्यांना ही बातमी पोलिसांकडून मिळण्याआधी फेसबुकवरून कळली, आणि त्याबद्दल तिकडच्या पोलिसांवर सडकून टीका झाली. नंतर त्यांचे अधिकारी पुण्याला येऊन आईवडिलांना भेटले. 26 जुलै 2012 रोजी, खुनानंतर बरोबर सात महिन्यांनी, आरोपीला खुनासाठी दोषी ठरवलं गेलं आणि दुसऱ्या दिवशी किमान तीस वर्षांची जन्मठेप झाली. तुलना करताना हात राखून करावी लागते, कारण सोबतच्या मित्रांनी गोळीबार डोळ्यांनी पाहिला होता आणि आरोपी काही दिवसांतच सापडला. तरीही तिथे पहिल्या तासापासून गुन्हा हा गुन्हाच धरला गेला, मर्गाच्या रजिस्टरमध्ये तीन आठवडे पडून राहिला नाही.

परदेशातल्या आपल्या माणसासाठी भांडायचं झालं तर आधार असतो तो 1963 च्या व्हिएन्ना कराराचा. अटक झाली तर त्या माणसाच्या वकिलातीला विनाविलंब कळवायचं हे त्याच्या अनुच्छेद 36 मध्ये आहे, मृत्यू झाला तर कळवायचं हे 37 मध्ये. विनाविलंब म्हणजे किती, याचं उत्तर एका मराठी माणसाच्या प्रकरणात मिळालं. सांगलीशी नातं असलेले, पवईत राहणारे नौदलाचे निवृत्त अधिकारी कुलभूषण जाधव यांना 3 मार्च 2016 रोजी पकडल्याचं पाकिस्ताननं भारताला 25 मार्चला सांगितलं. हेग इथल्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात भारताची बाजू नागपुरात वाढलेले हरीश साळवे यांनी एक रुपया मानधनावर मांडली. तीन आठवड्यांचा उशीर हा कराराचा भंग आहे, असं न्यायालयानं एकाविरुद्ध पंधरा मतांनी दिलेल्या निकालात म्हटलं. निकालाची तारीख 17 जुलै 2019. त्याच बुधवारी मुंबई उच्च न्यायालयाचं गोवा खंडपीठ हणजूणच्या प्रकरणात आरोपीला दोषी ठरवत होतं. दोन्हीकडे हिशेब तीन आठवड्यांचाच होता, आणि एकीकडे तो आपण मागत होतो, दुसरीकडे देत होतो.

जाता जाता कामाचं बोलू. आपला माणूस परदेशात अडकला किंवा दगावला तर परराष्ट्र मंत्रालयाच्या मदद पोर्टलवर तक्रार नोंदवून तिचा क्रमांक ठेवावा. दूतावासाशी पुढचा सगळा पत्रव्यवहार त्या क्रमांकावर चालतो. इथल्या तपासाबद्दल याचिका करायची असेल तर ‘वारंवार विनंती करूनही’ हे वाक्य न्यायालयाला हलवत नाही. कोणत्या तारखेला ठाण्यात अर्ज दिला, त्याची पोहोच, अधीक्षकांना रजिस्टर पोस्टानं पाठवल्याची पावती, दंडाधिकाऱ्यांचा आदेश, शवविच्छेदनाचा अहवाल, प्रयोगशाळेला नमुने पाठवल्याचं पत्र, हे तारीखवार लावलेलं असलं की अर्धा युक्तिवाद न बोलता होतो. पोलिसांनी प्रकरण समरी करून मिटवलं असेल, म्हणजे अ समरीत गुन्हा खरा पण आरोपी सापडत नाही, ब समरीत तक्रारच खोटी, क समरीत गैरसमजातून आलेली, तर ती समरी मंजूर करण्याआधी फिर्यादीचं म्हणणं ऐकणं दंडाधिकाऱ्यांना भाग आहे. हे सर्वोच्च न्यायालयानं 1985 मध्येच भगवंत सिंग यांच्या प्रकरणात सांगितलं. नोटीस न देता समरी मंजूर झाली असेल तर तेवढ्या एका मुद्द्यावर आदेश रद्द होऊ शकतो.

नव्या संहितेच्या कलम 193 नं आणखी एक हत्यार दिलं आहे. तपास कुठवर आला हे पोलिसांनी फिर्यादीला किंवा पीडिताला नव्वद दिवसांत कळवायचं, मोबाइलवर संदेश पाठवला तरी चालतं. एक्क्याण्णवाव्या दिवशी असा काहीच निरोप आलेला नसेल तर अधीक्षकांकडच्या अर्जात पहिला मुद्दा तोच घालावा. अडचण इतकीच की 1 जुलै 2024 रोजी ज्यांचा तपास सुरू होता त्या जुन्या प्रकरणांना जुनीच फौजदारी प्रक्रिया संहिता लागते आणि तिच्यात नव्वद दिवसांची ही तरतूद नव्हती. अशा प्रकरणाची फाइल घेऊन नागपूरला जाणाऱ्यानं गुन्हा कोणत्या दिवशी नोंदवला गेला ते आधी पाहून घ्यावं, आणि याचिकेत कलमं त्याच हिशेबानं टाकावीत.